कपाटातली तीस वर्षे : संकलक बार्बरा युंगे यांच्या कारकिर्दीचा प्रकरण अभ्यास

पूर्व जर्मनीत सुरू झालेल्या ‘गोल्त्सोची मुले’ या माहितीपटमालेचा विषय निघाला की दिग्दर्शक विन्फ्रीड युंगे यांचे नाव घेतले जाते, आणि त्यात वावगे काही नाही. 1961 साली शाळेत पाऊल टाकणाऱ्या मुलांसमोर कॅमेरा लावणारे तेच होते आणि साडेचार दशकांनंतर पन्नाशी गाठलेल्या त्याच माणसांना शेवटचे प्रश्न विचारणारेही तेच होते. पण ही माला चाळीस तासांहून अधिक लांबीची आहे. तिचा निम्म्याहून अधिक भाग ज्यांच्या हातून जोडला गेला त्या बार्बरा युंगे यांच्याविषयी फारसे लिहिले जात नाही, आणि लिहिले गेलेच तर ‘दिग्दर्शकाची पत्नी व सहकारी’ एवढ्यावर भागवले जाते. त्यांची कारकीर्द मात्र संकलन, म्हणजे चित्रण निवडून-जोडून चित्रपट घडवणे, या व्यवसायाच्या दृष्टीने विलक्षण आहे. लाइपझिग विद्यापीठात इंग्रजी आणि रशियन भाषांतराचे शिक्षण घेतलेल्या या बाई 1969 साली डेफा या पूर्व जर्मनीच्या सरकारी चित्रपटसंस्थेच्या माहितीपट स्टुडिओत परभाषी आवृत्त्यांचे काम पाहू लागल्या, 1978 पासून त्यांनी गोल्त्सोच्या चित्रणाचा संग्रह सांभाळला, 1983 पासून विन्फ्रीड युंगे यांच्या चित्रपटांचे संकलन केले आणि 1990 च्या दशकात त्यांचे नाव दिग्दर्शक म्हणून पतीच्या नावाच्या बरोबरीने पडद्यावर आले.

या चार पायऱ्या बढतीच्या वाटत असल्या तरी त्या तशा नव्हत्या, असे या अभ्यासाचे प्रतिपादन आहे. साठत गेलेल्या चित्रणाने दर टप्प्यावर नवी गरज निर्माण केली आणि ती गरज पुरी करू शकणारी व्यक्ती स्टुडिओत आधीपासून होती. फक्त दर वेळी तिच्या कामाचे नाव बदलावे लागले.

गाव, शाळा आणि एक कल्पना

गोल्त्सो हे ब्रांडेनबुर्गमधले, ओडर नदीच्या सखल खोऱ्यातले, पोलंडच्या सरहद्दीजवळचे गाव आहे. 1945 च्या वसंतात बर्लिनकडे निघालेले सोव्हिएत सैन्य याच भागातून पुढे सरकले आणि शेजारच्या झेलो टेकड्यांवरच्या लढाईत परिसरातली गावे उद्ध्वस्त झाली. युद्धानंतर इथे सामूहिक शेती आली आणि नवी शाळा उभी राहिली. एका वर्गातल्या मुलांचा वर्षानुवर्षे पाठपुरावा करावा, ही कल्पना माहितीपटकार कार्ल गास यांची. ती त्यांनी आपला तरुण सहायक विन्फ्रीड युंगे यांच्याकडे सोपवली आणि ऑगस्ट 1961 मध्ये चित्रीकरण सुरू झाले. बर्लिनची भिंत बांधायला सुरुवात होऊन तेव्हा जेमतेम दोन आठवडे झाले होते. पहिला चित्रपट 14 मिनिटांचा होता : बालवाडीच्या अंगणातल्या वाळूत खेळणारी मुले आणि मग शाळेचा पहिला दिवस.

त्यानंतर पाठोपाठ छोटे चित्रपट झाले. 1962 साली पहिली इयत्ता संपताना, 1966 साली मुले अकरा वर्षांची असताना, 1969 साली चौदाव्या वर्षी, 1971 साली दहावीच्या परीक्षेच्या वेळी आणि 1975 साली वर्गातल्या एकाच मुलीशी झालेल्या संवादावर. यातला एकही पाऊण तासाचा नाही. संकलनाच्या अंगाने पाहिले तर हे सहाही नेहमीच्या पद्धतीचे लघुमाहितीपट आहेत : त्या त्या वेळी चित्रण करायचे, त्यातले उत्तम ते निवडायचे, निवेदन आणि संगीत चढवायचे, सांस्कृतिक मंत्रालयाच्या चित्रपट विभागाची संमती घ्यायची आणि पुढच्या विषयाकडे वळायचे. आधीच्या चित्रणाची आठवण द्यायला एखादे जुने दृश्य आले तरी चित्रपटाचा भार नव्या चित्रणावरच असे.

1978 : संग्रह सांभाळणे हे काम कधी झाले

ही स्थिती 1979 साली बदलली. पूर्व जर्मनीच्या तिसाव्या वर्धापनाच्या वर्षी युंगे यांनी 107 मिनिटांचा चित्रपट केला. त्याचे शीर्षक ब्रेख्तने 1950 साली लिहिलेल्या ‘मुलांचे राष्ट्रगीत’ या कवितेच्या पहिल्या ओळीतून घेतले होते. पाठोपाठ 1981 साली ‘जीवनक्रम’ आला. तो 257 मिनिटांचा, म्हणजे सव्वाचार तासांहून मोठा असून त्यात नऊ जणांची नऊ व्यक्तिचित्रे आहेत. या दोन चित्रपटांत जुने चित्रण अधूनमधून येणारी आठवण राहिले नाही. चित्रपटाचा निम्मा जीव तेच झाले. पंचविशीतला माणूस कारखान्यात काम करताना दिसतो तेव्हा प्रेक्षकाला त्याचे सहाव्या, अकराव्या आणि चौदाव्या वर्षीचे चेहरे त्याच बैठकीत दाखवायचे असतात. तसे दाखवायचे तर ते चेहरे कुठल्या डब्यात, कुठल्या रिळात आणि किती मीटरवर आहेत हे कुणाला तरी माहीत असले पाहिजे.

बार्बरा युंगे यांच्याकडे संग्रहाची जबाबदारी आली ते वर्ष 1978 होते, ही गोष्ट मला योगायोगाची वाटत नाही. सतरा वर्षे हे चित्रण ‘वापरून झालेला माल’ होते आणि आता ते कच्चा माल झाले होते.

इथे थोडे तांत्रिक तपशिलात जावे लागेल, कारण संगणकावर संकलन शिकलेल्या वाचकाला या कामाचा आवाका एरवी लक्षात येणार नाही. 35 मिलिमीटर फिल्मवर सेकंदाला 24 चौकटी (सुटी स्थिरचित्रे) जातात, म्हणजे एका मिनिटाला सुमारे 27 मीटर फिल्म लागते, आणि 300 मीटरचे एक रीळ अकरा मिनिटांत संपते. त्यातच प्रतिमा एका पट्टीवर आणि आवाज दुसऱ्या चुंबकीय पट्टीवर असतो. दोन्ही पट्ट्यांच्या कडेची छिद्रे संकलन-टेबलावर दातेरी चाकांत बसवून एका वेगाने फिरवली की माणसाचे ओठ आणि शब्द जुळतात. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये स्टीनबेक या संकलन-टेबलावर हात बसलेल्या पिढीला हे सांगायला नको : कापलेला तुकडा खुंटीवर लटकवायचा, त्याच्या जोडीची ध्वनिपट्टी त्याच्याच शेजारी, आणि कशाचा तुकडा कुठे लटकवला हे विसरलात तर संध्याकाळ शोधण्यात जाते. हे एका वर्षाच्या, एका चित्रपटाच्या चित्रणाचे झाले. गोल्त्सोच्या बाबतीत अशी अनेक वर्षे एकावर एक साठलेली होती. सुरुवातीचे चित्रण कृष्णधवल होते आणि त्यातले बरेचसे अशा काळातले, जेव्हा प्रतिमेबरोबर जागेवरच आवाज घेणे जड यंत्रांमुळे दुर्मीळ असे. पुढचे चित्रण रंगीत आणि सलग संवादांचे होते. डेफात वापरली जाणारी फिल्म प्रामुख्याने वोल्फेनच्या ओरवो कारखान्याची असे. (तीच ओरवो आपल्याकडच्या जुन्या फोटो स्टुडिओंतही वर्षानुवर्षे खपत होती, हे जाता जाता सांगायला हरकत नाही.)

त्यातही शोधायचे असते ते ‘प्रसंग’ म्हणून नोंदवलेले दृश्य क्वचितच. 1961 साली कॅमेरामनने वर्ग टिपला. त्या वर्गातल्या तिसऱ्या बाकावरची मुलगी पुढे वीस वर्षांनी एका व्यक्तिचित्राची नायिका होणार आहे, हे त्याला ठाऊक असण्याचे कारण नव्हते. तिचा त्या दिवशीचा एकुलता चेहरा कदाचित दुसऱ्याच मुलावर रोखलेल्या दृश्याच्या कडेला तीन सेकंद आला असेल. हा चेहरा सापडण्यासाठी नोंदवही पुरत नाही. ते रीळ पूर्वी कधीतरी लक्षपूर्वक पाहिलेले असावे लागते, आणि सहा वर्षांच्या चेहऱ्यात सत्तावीस वर्षांच्या बाईची ठेवण ओळखता यावी लागते. असा संग्रह लावताना माणूस हजारो निर्णय घेत असतो : हा तुकडा कुणाचा, याच्या आधी काय आणि नंतर काय, हा वापरण्याजोगा आहे की नुसता जपण्याजोगा. संकलक टेबलावर हेच निर्णय घेतो, फरक इतकाच की तो नंतर कात्री चालवतो. 1983 साली बार्बरा युंगे संग्रहातून संकलनाकडे वळल्या असे चरित्रात्मक टिपणांत लिहिलेले असते. त्यांच्या कामाच्या आशयात त्या वर्षी कितपत बदल झाला असेल याविषयी मला शंका आहे.

वाळूतला तो खेळ

पहिल्या चित्रपटातले वाळूत खेळणाऱ्या मुलांचे दृश्य संपूर्ण मालेत पुन्हा पुन्हा येते. संकलकाचे काम काय असते हे या एका दृश्याच्या प्रवासातून जितके स्पष्ट होते तितके दुसऱ्या कशाने होत नाही, म्हणून त्याकडे जरा थांबून पाहू.

1961 च्या चित्रपटात हे दृश्य म्हणजे निव्वळ प्रास्ताविक आहे. मुले खेळत आहेत, उद्या ती शाळेत जातील. तिथे कोणाला नाव नाही आणि नावाची गरजही नाही, कारण चित्रपटाचा विषय ‘मुले’ हा आहे. ‘जीवनक्रम’मध्ये प्रेक्षक याच वाळूत एका विशिष्ट मुलाला किंवा मुलीला शोधू लागतो. समूह तोच, पण आता नजर एकावर ठरलेली असते, आणि ती ठरण्याचे कारण त्या दृश्यात नसून त्याच्या आधी किंवा नंतर जोडलेल्या दृश्यात असते. 1992 साली पूर्ण झालेल्या ‘पटकथा : काळ’ या चित्रपटात तर प्रेक्षकाला हेही माहीत असते की मुले खेळत असताना काही तासांच्या अंतरावर एका शहराच्या मधून भिंत चढत होती, आणि ज्या देशासाठी ही मुले वाढवली जात होती तो देश आता उरलेला नाही. तीस वर्षांत त्या फिल्मवरची एकही चौकट बदललेली नाही.

यातून संकलकापुढे जो प्रश्न उभा राहतो तो सरळ आहे आणि त्याचे उत्तर अवघड : जुने दृश्य पुन्हा वापरताना त्याच्यावर नवा अर्थ किती लादायचा? निवेदनातून सांगता येते, संगीताने सुचवता येते, गती कमी करता येते, एखादा चेहरा गोठवता येतो. मालेतल्या उत्तम जागा अशा आहेत जिथे यातले फारसे काही केलेले नाही आणि दृश्य आहे त्या लांबीत चालू दिले आहे. कमकुवत जागाही आहेत. तिथे जे प्रेक्षकाला दिसते आहे तेच निवेदक पुन्हा सांगतो.

1990 ते 1992 : देश गेला, चित्रण उरले

9 नोव्हेंबर 1989 रोजी भिंत खुली झाली, 1 जुलै 1990 रोजी पश्चिमेचे चलन आले आणि 3 ऑक्टोबर 1990 रोजी पूर्व जर्मनी हे राज्य संपले. डेफा ही त्या राज्याची चित्रपटसंस्था असल्याने तिचे विघटन ठरलेलेच होते. माहितीपट स्टुडिओतल्या माणसांच्या नोकऱ्या गेल्या. गोल्त्सोतल्या माणसांचेही तेच होत होते. सामूहिक शेती आणि सरकारी कारखाने यांच्यावर ज्यांची आयुष्ये उभी होती ती मंडळी चाळिशीच्या तोंडावर बेकार होत होती. म्हणजे चित्रपट करणारे आणि ज्यांच्यावर चित्रपट होत होता ते, दोघेही एकाच वेळी एकाच परिस्थितीत सापडले. माहितीपटाच्या इतिहासात अशी वेळ क्वचित आली असेल.

संकलकाच्या टेबलावरून पाहिले तर तेव्हा तीन वाटा दिसत होत्या. पहिली, आधीचे चित्रपट जसेच्या तसे ठेवून त्यांना ‘आणि मग भिंत पडली’ असा उपसंहार जोडायचा. ही सर्वांत स्वस्त आणि दूरचित्रवाणीला सर्वांत सोयीची वाट. दुसरी, जुन्या चित्रपटांना प्रचार ठरवून बाजूला सारायचे आणि त्याच चित्रणातून ‘खरी’ कहाणी नव्याने सांगायची. 1990 नंतरच्या वातावरणात या वाटेला टाळ्या मिळाल्या असत्या. पण तिच्यात एक मोठी लबाडी होती : जुने निवेदन लिहिणारे, जुनी दृश्ये निवडणारे आणि जुनी संमती मिळवणारे हात तेच होते.

‘पटकथा : काळ’ तिसऱ्या वाटेने गेला. 284 मिनिटांच्या या चित्रपटाचे उपशीर्षकच ‘गोल्त्सोची मुले आणि डेफा यांच्यासोबत तीन दशके’ असे आहे. त्यात स्टुडिओ हाही एक पात्र होतो. आधीच्या चित्रपटांतले तुकडे येतात, त्यांच्याबरोबर तेव्हा न वापरलेले चित्रण येते, आणि हे काय होते, तेव्हा काय विचारले आणि काय विचारले नाही, याचा जबाब विन्फ्रीड युंगे स्वतःच्या आवाजात देतात. आपल्याच कामाची उलटतपासणी घेणारा साडेचार तासांहून लांब चित्रपट, आणि तोही स्टुडिओ बंद पडत असताना पूर्ण केलेला. क्लाउस फोल्केनबोर्न यांच्या निर्मितिसंस्थेने त्याची जबाबदारी घेतली आणि 1993 च्या बर्लिन चित्रपट महोत्सवात, फोरम विभागात तो दाखवला गेला.

ही तिसरी वाट शक्य का झाली, या प्रश्नाशी आपले प्रकरण येऊन ठेपते. दिग्दर्शकाला पश्चात्ताप किंवा प्रामाणिकपणा कितीही वाटला तरी पूर्वी वगळलेला तुकडा हाताशी नसेल तर तो नुसते बोलू शकतो, दाखवू शकत नाही. सर्वसाधारण माहितीपटाचे उरलेले चित्रण वर्षानुवर्षे कोणी ठेवत नाही, कारण गोदामाला भाडे पडते आणि फिल्मचा डबा जागा खातो. दीर्घकालीन प्रकल्प म्हणून गोल्त्सोचे उरलेले चित्रणही जपले गेले, आणि ते नुसते जपले गेले नाही तर कुठे काय आहे हे जाणणारी व्यक्ती त्याच्यापाशी होती. 1979 साली एखादे वाक्य का कापले गेले हे कागदावर लिहिलेले नसते. त्या वाक्याची पट्टी मात्र डब्यात असते. ‘पटकथा : काळ’ची रचना अशा पट्ट्यांवर उभी आहे. 284 मिनिटे म्हणजे जवळजवळ 7,800 मीटर फिल्म, 300 मीटरची सुमारे सव्वीस रिळे, आणि त्या प्रत्येक रिळात वेगवेगळ्या वर्षांचे चित्रण एकमेकांना खेटून. एवढ्या जोडकामाचा आराखडा कागदावर कितीही मांडला तरी ते शेवटी स्मरणावर चालते.

‘संकलक’ हा शब्द बार्बरा युंगे यांच्या कामाला अपुरा पडू लागला तो इथे. कुठला प्रसंग चित्रपटात येणार हे ठरवणारा तो दिग्दर्शक, अशी आपली ढोबळ समजूत असते. ज्या चित्रपटाचा बहुतांश भाग वीस-तीस वर्षांपूर्वीच चित्रित झालेला आहे, त्यात ‘कुठला प्रसंग येणार’ हे संग्रहापाशी बसलेली व्यक्ती रोज ठरवत असते. यानंतरच्या चित्रपटांवर दिग्दर्शक म्हणून दोघांची नावे एकत्र येतात. ही पत्नीला दिलेली भेट आहे, असे मानणाऱ्यांनी या चित्रपटांचा एखादा अर्धा तास टेबलावरच्या कामाच्या हिशेबाने पाहावा.

एकेक आयुष्य

1994 ते 2003 या काळात दोघांनी वर्गातल्या एकेका व्यक्तीवर स्वतंत्र चित्रपट केले. 1994 साली युर्गेनवरचा 192 मिनिटांचा, पुढच्या वर्षी विलीवरचा, त्यानंतर एल्के, मारीलुइसे, ब्रिगिटे आणि तिचा मुलगा, डीटर, योखेन आणि 2003 साली बेर्न्ड. यातले बहुतेक दोन तासांच्या आसपासचे आहेत. वरवर पाहता ‘जीवनक्रम’मधल्या नऊ व्यक्तिचित्रांचाच हा विस्तार, प्रत्यक्षात अडचण पूर्णपणे निराळी होती.

नऊ माणसांच्या चित्रपटात एखाद्याची चार वर्षे चित्रणात नसली तरी चालते, शेजारचा माणूस ती भरून काढतो. एकाच माणसावर दोन तास उभे करायचे तर प्रत्येक रिकामी जागा उघडी पडते. गोल्त्सोचे चित्रण नियमित अंतराने झालेले नव्हते. कधी निधी नव्हता, कधी दिग्दर्शक दुसऱ्या कामात होते, कधी समोरच्या माणसानेच नकार दिला. एल्केवरच्या चित्रपटाचे शीर्षक ‘माझ्या आयुष्याशी तुमचा काय संबंध’ या अर्थाचे आणि मारीलुइसेवरच्या चित्रपटाचे ‘घ्या, हे माझे आयुष्य’ या अर्थाचे आहे. एका वर्षाच्या अंतराने आलेली ही दोन शीर्षके शेजारी ठेवली की कॅमेऱ्यापुढे आयुष्य काढण्याला माणसे कशी सामोरी गेली याचा अंदाज येतो. अशा पोकळ्यांशी संकलकाला दोन प्रकारे वागता येते. इतरांच्या चित्रणातून, गावाच्या सर्वसाधारण दृश्यांतून त्या बुजवता येतात, किंवा निवेदनात ‘या वर्षांचे आमच्याकडे काही नाही’ असे सांगून तशाच सोडता येतात. व्यक्तिचित्रांत दोन्ही आढळते, आणि दुसऱ्या प्रकारचे भाग मला अधिक विश्वसनीय वाटतात.

विन्फ्रीड युंगे यांची प्रश्न विचारण्याची पद्धत हा या चित्रपटांवरच्या टीकेचा कायमचा विषय आहे. ते कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतात, उत्तर मिळाले नाही तर तोच प्रश्न वळवून विचारतात, कधी उत्तर सुचवूनही टाकतात. समोरचा माणूस खांदे उडवतो, ‘हो’ म्हणतो, गप्प बसतो. कुठल्याही संकलकाला हे सहज लपवता आले असते. प्रश्न कापायचा, उत्तर ठेवायचे, वाक्ये सलग करायची. दूरचित्रवाणीवर रोज हेच चालते. बार्बरा युंगे यांनी ते बव्हंशी केलेले नाही. अवघडलेला प्रश्न आणि त्यानंतरची शांतता दोन्ही राहिली आहेत. दिग्दर्शकाची पत्नी असलेल्या संकलकाने दिग्दर्शकाला असे उघडे ठेवावे, याचा विचार त्या दोघांच्या कामाविषयी बोलताना क्वचितच होतो. त्या शांततेमुळे प्रेक्षकाला कळते की हा माणूस बोलायला तयार झाला ते सहजासहजी नव्हे, आणि त्याने जे सांगितले नाही तेही चित्रपटाचा भाग आहे.

एक आक्षेप आणि एक तुलना

आता दुसरी बाजू. उत्तरकाळातल्या चित्रपटांची लांबी हा त्यांचा खरा दोष आहे आणि तो संकलनाच्या खात्यातच मांडावा लागतो. सगळे चित्रण ज्याला तोंडपाठ असते त्याला काहीही टाकून देणे जड जाते. 1962 मधल्या एखाद्या हास्यामागे काय होते हे संकलकाला ठाऊक असते, म्हणून ते हास्य तिला अर्थपूर्ण दिसते. प्रेक्षकाला ते नुसते हास्य दिसते. बाहेरचा संकलक आला असता तर त्याने निर्दयपणे वीस मिनिटे उडवली असती आणि चित्रपटाचा फायदा झाला असता, असे क्षण जवळजवळ प्रत्येक व्यक्तिचित्रात आहेत. दिग्दर्शक आणि संकलक एकाच घरात राहत असतील तर टेबलावरचे भांडण पुरेसे तीव्र होत नाही, असा आक्षेप घेता येतो. चित्रपटाचा निवाडा करताना तो मला मान्य आहे. पण बाहेरच्या संकलकाला ‘पटकथा : काळ’ करताच आला नसता, हेही त्याच वहीत लिहून ठेवावे लागते.

इंग्लंडमध्ये 1964 साली, म्हणजे गोल्त्सोनंतर तीन वर्षांनी, ग्रॅनडा टेलिव्हिजनची ‘अप’ ही माला सुरू झाली. मायकेल ॲप्टेड यांनी दर सात वर्षांनी त्याच माणसांकडे जाऊन ती चालू ठेवली, आणि तिच्या अनेक भागांचे संकलन किम हॉर्टन या एकाच संकलकाने केले. दीर्घकालीन मालेला संकलक बदलून चालत नाही, हे तिथेही दिसते. पण ‘अप’ला दूरचित्रवाणीची ठराविक वेळ होती, सात वर्षांचा ठराविक ठोका होता आणि प्रत्येक भाग आधीच्यासारखाच बांधायचा होता, शिस्त बाहेरून येत होती. गोल्त्सोला असा ठोका नव्हता. 14 मिनिटांपासून पावणेपाच तासांपर्यंत हवी ती लांबी, एका माणसापासून साऱ्या वर्गापर्यंत हवी ती चौकट, आणि मध्येच बदललेले राज्य, चलन व निर्माता. आकार आतून, साठलेल्या चित्रणातूनच काढावा लागत होता. त्यामुळे ‘अप’ पाहताना संकलकाचा हात जाणवत नाही आणि गोल्त्सो पाहताना तो सतत जाणवतो, कधी त्रास होईल इतका.

शेवटचे डबे

2006 आणि 2008 च्या बर्लिन महोत्सवांत मालेचे अखेरचे दोन चित्रपट दाखवले गेले. त्यांचे शीर्षक जर्मन परीकथांच्या समाप्तीच्या ठरलेल्या वाक्यावरून घेतले आहे. दोन्ही साडेचार तासांहून मोठे आहेत, म्हणजे एकत्र पाहायचे तर जवळजवळ साडेनऊ तास.

समारोपाचा चित्रपट म्हटला की युर्गेन, मारीलुइसे अशा ओळखीच्या चेहऱ्यांना शेवटचे भेटून, पहिल्या चित्रपटातली वाळू पुन्हा दाखवून निरोप घेता आला असता. इथे मात्र ज्यांच्यावर तोवर स्वतंत्र चित्रपट झाला नव्हता अशांनाही भरपूर जागा दिली आहे : जे मध्येच बाजूला झाले, ज्यांचे चित्रण तुटपुंजे होते, ज्यांना पूर्वीच्या चित्रपटांत कोपऱ्यातले स्थान मिळाले होते. विक्रीच्या दृष्टीने हा निर्णय बिनकामाचा होता. संग्रहाच्या दृष्टीने पाहिले तर तोच एकमेव होता, कारण 1961 पासून या प्रत्येकाच्या नावाचे चित्रण जमत आले होते आणि त्यातले पुष्कळसे एकदाही पडद्यावर गेले नव्हते. 1978 साली हा संग्रह हाती घेणाऱ्या व्यक्तीने तीस वर्षांनी त्यातली उरलेली खाती अशी उघडली. त्यानंतर गोल्त्सोत नवे चित्रण झाले नाही. गावात या मालेला वाहिलेले छोटे संग्रहालय आहे आणि संपूर्ण माला डीव्हीडीवर उपलब्ध आहे.